कललेले घर

‘द लेडीकिलर्स’ हा ईलिंग स्टुडिओचा चित्रपट मी आजवर चार वेळा पाहिला आहे. पहिल्या तीन वेळा मनमुराद हसलो. चौथ्या वेळी तो पदव्युत्तर वर्गातील विद्यार्थ्यांसमवेत पाहत होतो. विषय होता काळा विनोद. व्याख्यानाची टिपणे हाताशी होती, आणि पहिल्या पाच मिनिटांतच माझे हसू मावळले. त्याचे कारण चित्रपटात नव्हते. किंवा असे म्हणू या, की ते चित्रपटात प्रथमपासून होते आणि मला ते तीन वेळा दिसले नव्हते.

१९५५ च्या अखेरीस हा चित्रपट लंडनमध्ये प्रदर्शित झाला. त्याच वर्षी मायकेल बाल्कन यांनी ईलिंगची वास्तू बीबीसीला विकली होती, त्यामुळे ईलिंग विनोदिकांच्या परंपरेतला हा अखेरचा महत्त्वाचा चित्रपट ठरला. त्याचा जन्म एका स्वप्नातून झाला. पटकथाकार विल्यम रोझ हा युद्धानंतर ब्रिटनमध्येच राहून गेलेला अमेरिकन लेखक. एका रात्री तो जागा झाला तेव्हा संपूर्ण कथानक त्याच्या डोळ्यांपुढे उभे होते, असे तो सांगत असे : पाच दरोडेखोर एका वृद्धेच्या घरात खोली घेऊन राहतात, लुटीचे बिंग तिच्यापुढे फुटते, तेव्हा तिला ठार करायचे ठरते, परंतु ते कुणालाच जमत नाही आणि ते एकमेकांनाच संपवतात. दिग्दर्शक अलेक्झांडर मॅकेंड्रिक याने ही कल्पना उचलून धरली. पुढे दोघांचे बिनसले, रोझ काम अर्धवट टाकून निघून गेला, आणि मॅकेंड्रिक व सहनिर्माता सेथ होल्ट यांनी पटकथा पुरी केली. एवढ्या भांडणातून बाहेर आलेली ती पटकथा ऑस्करच्या नामांकनापर्यंत पोचली. लेखक-दिग्दर्शक यांच्या एकरूपतेविषयी आपण वर्गात जे बोलतो, ते अशा वेळी जरा जपूनच बोलावे.

या चित्रपटातले घर मला त्यातल्या कुठल्याही पात्राइतकेच महत्त्वाचे वाटते. युद्धकाळातल्या बॉम्बवर्षावाने ते खचले आहे. भिंतींवरच्या तसबिरी सरळ टांगता येत नाहीत, आणि पाण्याच्या नळाला हातोड्याने ठोकल्याशिवाय पाणी येत नाही. दरोडेखोरांतला मंदबुद्धी मुष्टियोद्धा मालकिणीला ‘मिसेस लॉपसायडेड’ म्हणतो, म्हणजे कललेल्या बाई. हे घर लंडनमध्ये कधीच अस्तित्वात नव्हते. कोपनहेगन बोगद्याच्या तोंडावर, फ्रेडरिका स्ट्रीटच्या टोकाला, त्याचा बाह्यभाग नेपथ्य म्हणून उभारला गेला. समोरच्या दारातून दिसणारा सेंट पँक्रस स्थानकाचा मनोरा मात्र दुसऱ्याच रस्त्यावरून, आर्गाइल स्ट्रीटवरून, टिपलेला आहे. दारात उभे राहिले की एक लंडन, आणि मागच्या खिडकीत गेले की दुसरे, धुराचे आणि मालगाड्यांचे. ही दोन ठिकाणे संकलनाच्या टेबलावरच एकमेकांना भेटतात. ओटो हेलर या छायालेखकाने टेक्निकलरमधल्या घराच्या अंतर्भागाला असा काही काळोखा, हिरवट रंग दिला आहे, की जुन्या भयकथेत शिरल्यासारखे वाटावे. अॅलेक गिनेसचा प्रोफेसर मार्कस दारात येतो तो याच रंगातून, पुढे आलेले दात आणि लांब मफलर घेऊन. हर्बर्ट लोम बहुतेक प्रसंगांत डोक्यावरची टोपी काढत नाही, यात भूमिकेचा अर्थ शोधण्याचा प्रयत्न मी एकदा केला होता. पुढे कळले, की त्या काळात तो रंगभूमीवर ‘द किंग अँड आय’मधला राजा करीत होता आणि त्यासाठी त्याने मुंडण केले होते!

या सगळ्यांना पुरून उरतात त्या केटी जॉन्सन. त्यांचा जन्म १८७८ चा. म्हणजे चित्रीकरणाच्या वेळी त्या पंच्याहत्तरी ओलांडलेल्या होत्या. प्रकृती नाजूक म्हणून त्यांना आधी नाकारले गेले, त्यांच्याहून तरुण अभिनेत्रीची निवड झाली, आणि चित्रीकरणाआधी ती तरुण अभिनेत्रीच वारली, अशी हकीकत सांगितली जाते. जन्मभर दुय्यम भूमिका केलेल्या या बाईंना मिसेस विल्बरफोर्सच्या भूमिकेसाठी सर्वोत्कृष्ट ब्रिटिश अभिनेत्रीचा ब्रिटिश अकादमी पुरस्कार मिळाला. १९५७ साली त्या निवर्तल्या.

आता त्या पहिल्या पाच मिनिटांविषयी. चित्रपट उघडतो तो मिसेस विल्बरफोर्स पोलीस ठाण्यात जातात तिथे. आपल्या मैत्रिणीने परग्रहावरचे यान पाहिल्याची जी तक्रार त्यांनी केली होती, ती खरी नव्हती, मैत्रिणीला रेडिओ ऐकता ऐकता स्वप्न पडले होते, एवढे सांगायला त्या आलेल्या असतात. अधिकारी त्यांच्याशी अतिशय अदबीने बोलतो, विसरलेली छत्री आठवणीने परत दिली जाते. कुणीही त्यांचा अपमान करीत नाही. त्यांचे बोलणे कुणी ऐकत नाही, इतकेच. शेवटी पाचही चोर मेल्यावर, साठ हजार पौंड घरात पडलेले असताना, त्या पुन्हा त्याच ठाण्यात जाऊन सगळे सत्य सांगतात. आणि तोच अधिकारी तितक्याच अदबीने त्यांना सुचवतो, की ते पैसे तुम्हीच ठेवून घ्या. चित्रपटाचे सारे यंत्र या सौजन्यावर चालते.

माझी आत्या पुण्यात एका वाड्यात एकटी राहत असे. भाडेकरू एकेक करून गेलेले, मागची माडी कुलूपबंद. तीही दर महिन्या-दोन महिन्यांनी कापडी पिशवी घेऊन पोलीस चौकीत जायची. रात्री कुणीतरी माडीवर येऊन लाकडे मोजते, अशी तिची तक्रार होती. चौकीत तिला खुर्ची मिळे, चहा मिळे, “आजी, जपून जा” असे सांगून कुणीतरी रस्ता ओलांडून देई. आम्हा भाचरांच्या मेळाव्यात या प्रकाराची नक्कल होत असे आणि ती सर्वांत बरी मला साधत असे. एकदा ती मला म्हणाली, “अरे, जिना हलका झालाय. पाय ठेवला की कळतं.” हे वाक्य मी पुढे कित्येक महिने नकलेत वापरले.

ती गेल्यावर वाडा उतरवायला काढला, तेव्हा मागच्या माडीचे कुलूप उघडले. सागवानी कठडे नव्हते, खिडक्यांच्या चौकटी नव्हत्या, दोन खांबांच्या जागी कच्च्या लाकडाचे टेकू होते. मजूर म्हणाला, हे एका रात्रीचे काम नाही, वर्ष-दोन वर्षांचे आहे.

मॅकेंड्रिकने आपल्या या चित्रपटाकडे ऱ्हासाला लागलेल्या ब्रिटनचे व्यंगचित्र म्हणून पाहिले होते. एकविसावा वाढदिवस राणी व्हिक्टोरियाच्या निधनाच्या बातमीने मोडला गेल्याचे सांगणारी ती वृद्धा म्हणजे गत साम्राज्य, आणि ते पाच जण म्हणजे भोवतीचा बदलता समाज, असा अर्थ समीक्षकांनी पुष्कळ लावला आहे. मीही तो शिकवतो. तो चूक नाही. मात्र रूपकाची एक सोय अशी, की म्हातारी ‘साम्राज्य’ झाली म्हणजे ती म्हातारी राहत नाही. मग तिच्या बोलण्यावर विश्वास ठेवायचा की नाही, हा प्रश्नच उरत नाही.

त्या दिवशी शेवटच्या प्रसंगाला वर्ग खळखळून हसला, आणि ते योग्यच होते. तो प्रसंग हसण्यासाठीच रचलेला आहे. दिवे लागल्यावर एका विद्यार्थिनीने विचारले, “सर, पण त्या तर सुरुवातीपासून खरंच बोलत असतात ना?” मी म्हणालो, हो, परग्रहाचे यानसुद्धा त्या स्वतः होऊन मागे घेतात. मग टिपणांकडे वळलो आणि टोपीचा किस्सा सांगितला.

आत्याची ती पिशवी माझ्याकडे आहे. तिच्यात तक्रारअर्जांच्या नकला आहेत, एकूण अकरा, निळ्या शाईतल्या, प्रत्येकीवर तारीख घातलेली. पोच एकीवरही नाही.