चरखा शिकलेली छायाचित्रकार

छत्रपती संभाजीनगरातील शहागंज म्हणजे नित्य गजबजलेली वस्ती. जुना घड्याळाचा मनोरा, कापडाची दुकाने, फळांच्या गाड्या, आणि त्या वर्दळीत उभा असलेला महात्मा गांधींचा पुतळा. २ ऑक्टोबरला त्यास हार घातले जातात. एरवी लोक आपापल्या कामाच्या नादात त्याच्याजवळून निघून जातात. परंतु त्यांच्यापैकी कोणास डोळे मिटून गांधीजी आठवावयास सांगितले, तर पुष्कळांच्या मनापुढे पुतळा न येता एक छायाचित्र येईल. पुढे चरखा, आणि मागे जमिनीवर बसलेले उघड्या अंगाचे गांधीजी! हे चित्र मार्गारेट बोर्क-व्हाइट या अमेरिकन बाईंनी १९४६ साली पुण्यास घेतले. त्या वेळी शहागंज निजामाच्या राज्यात होते.

बाईंचा जन्म १९०४ सालचा. पोलादाच्या कारखान्यांची चित्रे घेऊन त्यांनी नाव मिळविले. १९३६ साली 'लाइफ' हे सचित्र साप्ताहिक निघाले, तेव्हा पहिल्याच अंकाच्या मुखपृष्ठावर त्यांनी घेतलेले एका धरणाचे छायाचित्र झळकले. पुढे महायुद्धात मॉस्कोवर बाँब पडत असता त्या तेथे होत्या. आफ्रिकेकडे जाताना त्यांचे जहाज पाणतीराने बुडविले गेले, तरी त्या वाचल्या.

अशा धाडसी बाईंचे पुण्यात मात्र अडले. गांधीजी डॉ. दिनशा मेहता यांच्या निसर्गोपचार केंद्रात राहिले होते. त्यांच्या सचिवांनी बाईंना प्रथम विचारले ते सूत कातता येते का, हेच. येत नसेल तर आधी शिकावे लागेल! साप्ताहिकाला चित्रे वेळेवर पाठवावयाची आहेत, ही सबब तेथे चालली नाही. चरख्याचे मर्म ज्याला ठाऊक नाही, त्याला चरख्यामागचा माणूस काय दिसणार, असे सचिवांचे म्हणणे. बाई निमूटपणे कातावयास बसल्या. सूत पुन्हा पुन्हा तुटे. प्रचंड यंत्रांना न डगमगणाऱ्या बाईंना एका लाकडी चाकाने जेरीस आणले!

अखेर परवानगी मिळाली. तो सोमवार, गांधीजींच्या मौनाचा दिवस होता. खोलीत उजेड थोडा, आणि खिडकीतला प्रकाश नेमका कॅमेऱ्याच्या तोंडावर. झगझगीत दिवे गांधीजींना आवडत नसत, म्हणून तीनच वेळा दिवा उडविण्याची मुभा होती. पहिले दोन प्रयत्न फुकट गेले, तिसरा साधला. गंमत अशी की, चित्रात गांधीजी कातत आहेत असे आपण धरून चालतो. नीट पाहिले तर ते कागद वाचीत बसले आहेत.

पुढे गांधीजी त्यांना थट्टेने 'छळणारी बाई' म्हणत. फाळणीच्या काळात निर्वासितांचे लोंढे आणि दंगलीतील प्रेते त्यांनी टिपली; ती चित्रे आजही पाहवत नाहीत.

३० जानेवारी १९४८ रोजी दिल्लीत त्यांनी गांधीजींची मुलाखत घेतली, आणि काही तासांतच गांधीजींची हत्या झाली. बाई धावत परतल्या. पार्थिव ठेवलेल्या खोलीत शिरून त्यांनी तोच झगझगीत दिवा उडविला. शोकाकुल माणसे दुखावली, संतापली. कॅमेऱ्यातील फिल्म काढून घेण्यात आली आणि बाईंना बाहेर जावे लागले. दुसऱ्या दिवशी अंत्ययात्रेच्या अफाट गर्दीत त्या पुन्हा कॅमेरा घेऊन उभ्या होत्या.