एबोलीच्या पुढचा मुलूख

मराठीत इटली आली ती मॅझिनी आणि गॅरिबाल्डी यांचा हात धरून. लंडनमध्ये शिकायला गेलेल्या सावरकरांनी मॅझिनीच्या आत्मचरित्रपर लेखनाचं भाषांतर केलं, १९०७ साली ते इथे छापलं गेलं, लोकांनी ते उत्साहानं वाचलं आणि सरकारनं जप्त केलं. पुढे कितीतरी वर्षं इटली म्हटलं की मराठी वाचकाच्या डोळ्यांपुढे लाल सदऱ्यातले स्वयंसेवक उभे राहत, तुकड्यातुकड्यांचा मुलूख जोडून एक देश उभा करणारे. ती इटली खरीच होती. पण मला जिनं वेड लावलं ती इटली या थोरांच्या चरित्रांत सापडली नाही. ती सापडली दक्षिणेकडच्या एका दरिद्री खेड्यात. तिथपर्यंत मॅझिनी कधी पोचला नव्हता, गॅरिबाल्डी पोचला नव्हता, आणि तिथली माणसं म्हणत की ख्रिस्तसुद्धा अलीकडे एबोलीलाच थांबला.

एबोली हे सालेर्नोजवळचं गाव. रस्ता आणि आगगाडी तिथे समुद्राची सोबत सोडतात आणि लुकानियाच्या ओसाड डोंगरांत वळतात. कार्लो लेव्हीच्या पुस्तकाचं नाव यावरूनच आलं. लेव्ही उत्तरेतल्या तोरिनो शहरातला चित्रकार. शिकला होता डॉक्टरकी, पण तो व्यवसाय केला नव्हता. मुसोलिनीविरोधी गटात काम करायचा, म्हणून १९३५ साली त्याला पकडून आधी ग्रासानोला आणि मग आलियानोला स्थानबद्ध करून ठेवलं. स्थानबद्धता कशी असते हे मराठी वाचकाला नव्यानं सांगायला नको. मॅझिनी मराठीत आणणाऱ्या सावरकरांनीच पुढे १९२४ ते १९३७ हा काळ रत्नागिरीत तशा बंधनात काढला. इटलीत त्यासाठी खटलाही लागत नसे. एक समिती बसे, कागदावर सह्या होत, आणि पाच वर्षांपर्यंत माणूस एखाद्या बेटावर किंवा डोंगरातल्या खेड्यात जाऊन पडे. बोलणाऱ्या, लिहिणाऱ्या माणसाला अशा कोपऱ्यात नेऊन टाकायचं, की तिथे त्याचं ऐकणारं कुणी भेटू नये. टाकलेली माणसं तिथे ऐकत बसली, बघत बसली. इटालियन जगण्याविषयीची माझी सगळ्यात जिवाभावाची पुस्तकं त्या बसण्यातून आली आहेत.

आलियानो पांढऱ्या चिकणमातीच्या कड्यांवर वसलेलं गाव आहे. पाऊस झाला की माती घसरते, ऊन पडलं की सगळा मुलूख डोळ्यांना टोचतो. लेव्हीला गावाची शीव ओलांडायची मुभा नव्हती. फिरायला जाऊन जाऊन जायचं कुठे, तर गावाच्या वरच्या टोकाला असलेल्या दफनभूमीपर्यंत. उन्हाळ्यात तिथे सावलीचा टिपूस नसे. मग तो नुकत्याच खणून ठेवलेल्या एखाद्या रिकाम्या खड्ड्यात उतरून पडून राही. वर आयताकृती निळं आकाश, बाजूला ओली गार माती, आणि पायाशी बारोने नावाचा कुत्रा. कबरी खणणारा म्हातारा त्याच्याशी गप्पा मारायला येई. हाच म्हातारा गावात दवंडीही पिटायचा, आणि लांडगे आपलं ऐकतात असं त्याच्याबद्दल गावात बोललं जाई. ही पानं मी पुन्हा पुन्हा वाचते. जिवंत माणूस थडग्यात आडवा झालाय आणि त्यात भयाचा लवलेश नाही, उलट गारव्याचं सुख आहे. त्या गावातलं मरण किती रोजचं आहे हे याहून नेमकं कुणाला सांगता आलं असतं असं मला वाटत नाही.

मरण रोजचं होतं ते मलेरियामुळे. लेव्ही गावात आला त्याच दिवशी, हा डॉक्टर आहे असं कळताच, शेतकरी त्याला एका आजाऱ्याकडे ओढून घेऊन गेले. त्याच्या हातून काही झालं नाही, माणूस दगावला. तरी लोक येतच राहिले. आढेवेढे घेत त्यानं औषधपाणी सुरू केलं. गावात आधीच दोन डॉक्टर होते, दोघेही अडाणी, आणि त्यांची दुकानदारी बसू लागली. मग वरून हुकूम आला की स्थानबद्धानं रोगी तपासायचे नाहीत. शेतकरी चिडले, दंगा करायच्या बेताला आले. शेवटी त्यांनी काय केलं, तर स्वतःच एक नाटक रचलं आणि गल्लीत करून दाखवलं. औषध देऊ पाहणारा डॉक्टर आणि त्याला आडवा येणारा डॉक्टर, दोघांची सोंगं. ज्यांना वाचता येत नव्हतं, ज्यांचा अर्ज कुठल्याही कचेरीत कुणी पाहिला नसता, त्यांनी आपली तक्रार अशी मांडली.

आणि त्यांच्या घरांतल्या भिंती. लेव्ही आजाऱ्यांकडे जाई तेव्हा प्रत्येक घरात त्याला दोनच चित्रं दिसत. एक व्हिज्जानोची सावळी माता मेरी, दुसरे अमेरिकेचे राष्ट्राध्यक्ष रूझवेल्ट. राजा नाही, मुसोलिनी नाही, गॅरिबाल्डीसुद्धा नाही. गावातले निम्मे पुरुष न्यूयॉर्कच्या वाटेनं कधी ना कधी गेलेले, तेव्हा रूझवेल्ट परका कसा असेल? परकं होतं ते रोम. रोमहून कर येत, सैन्यात भरतीचे हुकूम येत. १८६० नंतर याच डोंगरांतल्या दरोडेखोरांनी नव्या राज्याविरुद्ध झुंज दिली होती, आणि म्हातारी माणसं आपलं युद्ध म्हणून तेवढं एकच सांगत. राष्ट्राच्या इतिहासात ज्याला एकीकरण म्हणतात ते त्यांच्या आठवणीत पलटणी घेऊन आलं होतं. मॅझिनीच्या इटलीवर पोसलेल्या माझ्यासारख्या वाचकाला हे पान पचायला वेळ लागतो, आणि लागायलाच हवा.

लेव्हीचं सगळंच मला पटतं असं नाही. शेतकऱ्यांचं जग काळाच्या बाहेर आहे, तिथे इतिहास पोचतच नाही, असं तो फार वेळा म्हणतो. आणि ज्या माणसांचा भाऊ ब्रुकलिनमध्ये राबून पैसे धाडतो ती काळाच्या बाहेर कशी असतील? त्याच्याकडे घरकाम करणाऱ्या जुलियाच्या मंत्रतंत्रांवरही त्याचा जीव जरा जास्तच जडलाय. पण त्याची माया खोटी नव्हती. १९७५ मध्ये तो वारला आणि त्याच्या इच्छेप्रमाणे त्याला आलियानोत पुरलं, त्याच उंचवट्यावरच्या दफनभूमीत.

लेव्हीला आलियानोला धाडलं त्यानंतर पाचेक वर्षांनी, १९४० मध्ये, तोरिनोहूनच आणखी एक कुटुंब असं दूर धाडलं गेलं. लेओने गिन्झबुर्ग, त्याची बायको नातालिया आणि लहान मुलं. गाव पित्झोली, आब्रुत्सोच्या डोंगरातलं. लेओने मूळचा ओदेसाचा, रशियन साहित्याचा गाढा अभ्यासक. फॅसिस्ट राजवटीशी निष्ठेची शपथ घ्यायला नकार देऊन त्यानं विद्यापीठातली जागा सोडली होती. नातालियाला यहुदी म्हणून स्वतःच्या नावानं पुस्तक छापता येत नव्हतं. पहिली कादंबरी तिनं १९४२ मध्ये शेजारच्या गावाचं नाव आडनाव म्हणून घेऊन छापली. तिथल्या हिवाळ्यावर तिनं १९४४ साली एक छोटा निबंध लिहिला. मोजकी पानं आहेत. मला विचाराल तर विसाव्या शतकातल्या ललित लेखनात त्याच्या तोडीचं फार थोडं आहे.

त्यात काय आहे? बर्फ आहे. खोलीतली हिरवी शेगडी आहे, छतावर रंगवलेला गरुड आहे. पोरांना लोकरीत गुंडाळून रोज दुपारी त्याच एका रस्त्यानं नवराबायको फिरायला जातात, आणि बायाबापड्या दारातून ओरडतात की या लेकरांनी असं काय पाप केलंय. गावकरी लेओनेला प्राध्यापक म्हणतात आणि त्याच्याकडे वाटेल ते विचारायला येतात, दात कधी काढावा इथपासून करपट्टीपर्यंत. क्रोचेत्ता नावाची कामवाली पोरांना सावत्र आईच्या भयंकर गोष्टी सांगते. नातालियाला घरची ओढ लागलेली असते, कधी कधी ती इतकी वाढते की राग होते. मग अगदी अखेरीस, दोनचार वाक्यांत, ती सांगते की गाव सोडल्यावर थोड्याच महिन्यांत नवरा रोमच्या रेजिना चेली तुरुंगात मेला. जर्मनांनी त्याचे हाल केले होते. तारीख ५ फेब्रुवारी १९४४. तो हिवाळा तिच्या आयुष्यातला सगळ्यात सुखाचा काळ होता हे तिला आता कळतंय. एवढं दुःख आणि एकही विशेषण नाही.

नवऱ्याकडे रोमला ती पोचली कशी, ते तिच्या १९६३ सालच्या ‘कौटुंबिक शब्दकोशा’त येतं. जर्मन पित्झोलीत शिरले तेव्हा गावकऱ्यांनी त्यांनाच सांगितलं की ही बाई आमची नात्यातली, नेपल्सच्या बॉम्बहल्ल्यात हिची कागदपत्रं गेली, हिला रोमला जायचंय. आणि तिघा मुलांसकट ती जर्मनांच्याच ट्रकमधून गेली. या पुस्तकातला गडगडणारा बाप, प्राध्यापक जुझेप्पे लेव्ही, जेवणाच्या टेबलावर मुलांच्या वागण्यावर डाफरतो, सुट्टीत सगळ्यांना डोंगर चढायला फरफटत नेतो. त्याच्या तीन विद्यार्थ्यांना पुढे नोबेल मिळालं. घरात फॅसिस्टांपासून लपलेला पाहुणा येतो, पाओलो फेरारी म्हणून. तो असतो समाजवाद्यांचा वयोवृद्ध पुढारी तुराती. पोरीच्या आठवणीत राजकारण असं चहाच्या कपाशेजारी येऊन बसतं. ते पुढे मृत्यूपर्यंत नेणार आहे हे वाचणाऱ्याला ठाऊक असतं, आणि घरातल्या चेष्टामस्करीवर हसताना घसा दाटतो. एक गोष्ट मात्र मला आजही सलते. प्रीमो लेव्हीचं आउश्वित्झवरचं पुस्तक एइनाउदी प्रकाशनानं आधी परत पाठवलं, आणि ते वाचून नकार देणारी होती हीच नातालिया. १९४७ मध्ये एका लहान प्रकाशकानं त्याच्या अडीच हजार प्रती काढल्या. एइनाउदीनं ते छापलं १९५८ मध्ये. कदाचित जखम इतकी ओली असताना तिला ते वाचवलंच गेलं नसेल.

मुसोलिनीच्या तुरुंगात पडलेल्या साम्यवादी विचारवंत ग्रामशीबद्दल इथे थोडंच लिहिते, कारण त्याच्या विचारांवर आपल्याकडे पुष्कळ बोललं जातं. रणजित गुहांनी १९८२ मध्ये सुरू केलेल्या अभ्यासमालेचं नावच त्याच्या तुरुंगातल्या वह्यांतून उचललेलं. त्या ३३ वह्यांपेक्षा मला त्याची पत्रं जवळची. वीस वर्षं, चार महिने आणि पाच दिवस अशी शिक्षा झालेला हा आजारी माणूस तुरीच्या तुरुंगातून मॉस्कोतल्या मुलांना पत्रं लिहितो. धाकट्या जुलियानोला त्यानं कधी पाहिलंच नाही. थोरल्या देलिओला तो सार्डिनियातल्या लहानपणीची एक चांदणी रात्र सांगतो. मित्राबरोबर फळबागेत दबा धरून बसलेला असताना साळिंदरासारख्या काटेरी अंगाचे जाहे बाहेर आले, दोन मोठे, तीन पिल्लं. झाडाखाली सफरचंदं पाडून ती एका जागी जमवली, त्यांवर लोळण घेतली आणि काट्यांना टोचलेली फळं पाठीवर घेऊन रांगेनं चालू लागले. या पत्रात उपदेश कुठेच नाही. बापाला मुलाला काहीतरी दाखवायचंय आणि हाताशी फक्त शब्द आहेत.

पित्झोलीच्या बर्फातून लोकरीत गुंडाळून नेलेल्या मुलांतला थोरला म्हणजे कार्लो. तो मोठेपणी इतिहासकार झाला. आपल्या घडणीत कार्लो लेव्हीचं आलियानो आणि ग्रामशीच्या वह्या यांचा वाटा आहे हे त्यानं स्वतः सांगितलंय. १९७६ मध्ये त्याचं ‘चीज आणि अळ्या’ आलं. फ्रिउली प्रांतातल्या माँतेरेआले गावच्या दोमेनिको स्कांदेल्ला उर्फ मेनोक्कियो नावाच्या गिरणीवाल्याची ही हकिगत आहे. दुधातून चीज धरावं तसं आधी सगळ्या गोंधळातून जग धरलं, आणि चीजमध्ये अळ्या पडतात तसे त्यात देवदूत झाले, असं हा गडी १५८४ मध्ये धर्मपीठापुढे सांगत होता.

कार्लो गिन्झबुर्ग या गिरणीवाल्याच्या पुस्तकांच्या मागे लागतो, आणि तिथे माझा जीव अगदी रमतो. मेनोक्कियोकडे होतं तरी काय? व्हेनिसमध्ये दोन सोल्दींना विकत घेतलेलं बायबलच्या कथांचं एक पुस्तक. बाकी बहुतेक उसनवारीचं, कुणा पाद्र्याचं, कुणा शेजाऱ्याचं. मँडेविलच्या प्रवासवर्णनात दूरदेशीच्या माणसांचे निरनिराळे धर्म वाचून तो हादरला होता. बोकाच्चोतली तीन अंगठ्यांची गोष्ट वाचून त्यानं ठरवलं होतं की प्रत्येकाला आपलाच धर्म खरा वाटणार, कुठला खरा हे सांगता येत नाही. हे तो न्यायाधीशांना समजावून सांगतो, त्यांना गोष्ट आवडेल अशा भरवशानं. एकदा जवळजवळ दोन वर्षं कोठडीत काढून, माफी मागून, अंगावर क्रॉसचा झगा घालून तो घरी परतला होता. गप्प राहिला असता तर म्हातारपण गिरणीवर सरलं असतं. पण कुणी बोलायला भेटलं की त्याला राहवेना. पुन्हा पकडला, आणि १५९९ मध्ये, रोमहून तगादा आल्यावर, त्याला मारून टाकलं. कारकुनांनी त्याचा शब्दन्शब्द उतरवून घेतला होता, त्याला दोषी ठरवण्यासाठी. तोच दप्तरातला कागद वाचून आपल्याला आज कळतं की हा माणूस कुठलं पान वाचताना अडला होता, आणि कुठल्या पानावर हरखला होता.