फुलबॅकचा गुडघा

परवा दादाला घेऊन हाडाच्या डॉक्टरांकडे गेलो होतो. डावा गुडघा बदलायचा, असं ठरलं. डॉक्टर तरुण होते. एक्स-रे बघता बघता त्यांनी सहज विचारलं, "काका, पूर्वी काही खेळायचात का?"

"हॉकी. फुलबॅक."

"म्हणजे गोलकीपरच्या पुढचे ना?"

दादा एवढ्यावरच खूश! मग माझ्याकडे बोट दाखवून म्हणाला, "हा सेंटर फॉरवर्ड. गोल सगळे याचे." मी उगाच एक्स-रे उजेडाकडे धरून बघत बसलो.

आम्ही मूळचे खडकीचे. खडकी म्हटलं की लोकांना एकच नाव आठवतं, धनराज पिल्ले. बरोबरच आहे, पण तो आमच्यापेक्षा लहान. आमच्या वेळी मैदान मुरमाचं होतं. चेंडू खड्यावर आपटून कधी नडगीवर बसेल याचा नेम नसे. दादा पायाला पुठ्ठा सुतळीने बांधायचा. टीमची वाटणी सोपी होती. ज्याला पळता येतं तो पुढे, ज्याला मार खाता येतो तो मागे.

१९८४ साली पिंपरीतल्या एका मोठ्या कंपनीने आपल्या टीमसाठी पोरं बघायला सामना ठेवला. जागा एकच होती. आम्ही दोघंही त्यात खेळलो. २-० ने जिंकलो, दोन्ही गोल माझे. दोन्ही वेळा चेंडू आला होता दादाकडून. आडवा पडून अडवला, उठला आणि उजवीकडे लांब मारला. मी फक्त धावत गेलो. सामना संपल्यावर साहेबांनी विचारलं, "गोल कोणी केले?" चेंडू कोणी अडवला, असं कोण विचारतं? नोकरी मला लागली. पेढे आणायला दादाच सायकलवर गेला.

इथपर्यंतची गोष्ट घरात सगळ्यांना माहीत आहे. पुढची नाही.

सहा महिन्यांनी त्याच साहेबांनी मला बोलावलं. मागे खेळायला कोणी दणकट पोरगा आहे का तुझ्या ओळखीत? मी तेव्हा प्रोबेशनवर होतो. दोघं भाऊ झाले तर एकालाच कायम करतील, असं कोणीतरी कॅन्टीनमध्ये बोललेलं डोक्यात होतं. मी म्हणालो, "बघतो साहेब." आणि बघितलंच नाही. महिन्याभराने दुसराच एक मुलगा आला. दादा भोसरी एमआयडीसीत एका छोट्या वर्कशॉपमध्ये लेथवर लागला, पुढे चाकणला गेला. आठ-आठ, कधी बारा तास उभ्याने काम. गुडघा हॉकीने गेला की लेथने, ते डॉक्टरांनाही सांगता येणार नाही.

असो.

दादाचा देव म्हणजे दिलीप तिर्की. ओडिशाच्या सुंदरगढ जिल्ह्यातला. ४१२ आंतरराष्ट्रीय सामने, १९९६, २००० आणि २००४ अशी तीन ऑलिंपिकं, आणि तोही फुलबॅक! १९९८ ला बँकॉकला एशियाडचं सुवर्ण ३२ वर्षांनी मिळालं, तेव्हा कॅप्टन धनराज होता आणि मागे तिर्की. गल्लीत सगळे "धन्या, धन्या" करून नाचत होते, दादा एकटा म्हणत होता, "तिर्कीला बघितलं का?" ऑफसाइडचा नियम त्याच सुमारास गेला. आधी फॉरवर्डला चेंडूसाठी गोलजवळ आयतं उभं राहता येत नसे. नियम गेला आणि बॅकची झोप उडाली, कारण आता पाठीमागेही माणूस उभा. दादा हे इतक्या वेळा समजावून सांगतो की वहिनी म्हणते, "अहो भावजी, ऑफसाइड गेला तो गेला, यांच्या तोंडून कधी जाणार?"

२०१२ च्या वर्ल्ड सीरिज हॉकीत पुणे स्ट्रायकर्सचे सामने नेहरूनगरच्या मेजर ध्यानचंद स्टेडियमवर झाले. निळं टर्फ नाही, दिवे नाहीत, असल्या मैदानावर वाढलेले आम्ही दोघं तिथे जाऊन बसलो. मी चेंडू बघत होतो. दादा मात्र चेंडू पलीकडे असतानासुद्धा आपल्या बॅककडेच बघत होता. "बघ, तो कुठे उभा आहे बघ!" फायनलला स्ट्रायकर्स शेर-ए-पंजाबकडून ५-२ ने हरले. ती स्पर्धा पुन्हा कधी झालीच नाही.

आणि ४ ऑगस्ट २०२४! पॅरिस ऑलिंपिकची क्वार्टर फायनल, समोर ब्रिटन. अमित रोहिदासला दुसऱ्या क्वार्टरच्या सुरुवातीलाच लाल कार्ड. हाही सुंदरगढचाच, पेनल्टी कॉर्नरला गोल सोडून चेंडूच्या अंगावर धावत जाणारा पहिला माणूस. चाळीसहून जास्त मिनिटं आपण दहा जण खेळलो. १-१, मग शूटआउटमध्ये ४-२. दादा सोफ्यावर बसेना, दुखऱ्या गुडघ्यावर उभाच. म्हणाला, "आज सगळेच फुलबॅक झाले रे."

माझी मुलगी टोरांटोला असते. तिच्याकडून कळलं की बर्फावरच्या हॉकीत बॅकलाही आकडा असतो. तुम्ही मैदानात असताना तुमच्या टीमने गोल केला तर अधिक एक, खाल्ला तर उणे एक. (पॉवर प्लेचा गोल धरत नाहीत, ते जाऊ दे.) बोस्टनचा बॉबी ऑर नावाचा बॅक होता, १९७०-७१ च्या मोसमात त्याचा आकडा अधिक १२४! त्याचाही डावा गुडघा. ऑपरेशनांवर ऑपरेशनं झाली आणि १९७८ ला, तिशीतच, खेळ सोडावा लागला.

हे सगळं मी व्हिडिओ कॉलनंतर दादाला सांगितलं. तो बराच वेळ गप्प होता. मग म्हणाला, "माझा किती असेल रे?"

मी हिशेब करायला बसलो. खडकीचे सामने, कॅम्पातले सामने, हातात जुनी वही. त्या वहीत गोल करणाऱ्यांची नावं आहेत, माझंच जास्त. दादाचं नाव फक्त टीमच्या यादीत. तरी आठवून आठवून मांडत गेलो. १९८४ च्या त्या सामन्यापाशी आलो, अधिक दोन लिहिलं आणि पेन खाली ठेवलं.

दोघं समोरासमोर बसलो असताना मला हे सांगता येत नाही. तीनदा प्रयत्न केला, तिन्ही वेळा चहाच मागवला.

पुतणी इथलं सगळं त्याला वाचून दाखवते. बेटा, ऑपरेशन गुरुवारी आहे. हे त्याला आधी वाचून दाखवू नकोस. घरी आला, वॉकर घेऊन चालायला लागला की दाखव. मी त्या दिवशी येतो.