जास्तीची भूमी

महाविद्यालयातील अध्यापकाला शेजारीपाजारी सर्वज्ञ समजतात, आणि तो इंग्रजीचा अध्यापक असला म्हणजे तर विचारावयासच नको. इन्कमटॅक्सच्या नोटिशीपासून औषधाच्या वेष्टनावरील बारीक अक्षरांपर्यंत इंग्रजीत छापलेले जे जे काही जरीपटक्यातील आमच्या गल्लीत येते, ते एकदा तरी माझ्या टेबलावरून जाते. त्यामुळे परवा संध्याकाळी शेजारच्या दादांची नात भूगोलाची दोन पुस्तके घेऊन आली, तेव्हा मला नवल वाटले नाही. तिची अडचण अशी होती की, दक्षिण गोलार्धातील त्या प्राचीन महाखंडाचे नाव एका पुस्तकात ‘गोंडवाना’ असे छापले होते आणि दुसऱ्यात ‘गोंडवानालँड’. परीक्षेत यांपैकी लिहावयाचे कोणते?

“अंकल, एक मार्क जाईल,” ती काकुळतीने म्हणाली.

एका गुणाचा हा प्रश्न भूशास्त्रज्ञांनीही चांगलाच घोळविलेला आहे हे तिला ठाऊक नव्हते. मला ठाऊक होते, आणि ते सांगण्याची संधी आयतीच चालून आल्याने मनातून आनंदही झाला. आपल्याला ठाऊक असलेली गोष्ट कोणीतरी आपण होऊन विचारावी, यासारखे सुख मास्तरकीत दुसरे नाही. मी चष्मा लावला, एक कोरा कागद घेतला, आणि तीस व मागोमाग काठी टेकीत आलेल्या दादांना समोर बसवून व्याख्यानास आरंभ केला.

‘गोंडवाना’ हा शब्द मुळात मातीच्या किंवा दगडाच्या शास्त्राचा नव्हेच. तो एका मुलखाचा शब्द आहे. गढामंडला, देवगड, खेरला आणि चांदा येथील गोंड राज्यांचा जो विस्तीर्ण अरण्यमय प्रदेश, त्याला मुसलमानी आमदानीतील तवारीखकार गोंडवाना म्हणत. पुढे इंग्रजी अंमलात भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षण खात्यातील हेन्री बेनेडिक्ट मेडलिकॉट हा अधिकारी सातपुड्यातील कोळशाची पाहणी करीत होता. कोळसा ज्यांत सापडतो त्या वालुकाश्माच्या आणि शेलच्या जाड थरांना त्याला एक नाव हवे होते. १८७२ साली त्याने आपल्या अहवालात त्या थरांना ‘गोंडवाना’ म्हटले. तो अहवाल हस्तलिखितच राहिला. छापील ग्रंथात हे नाव आणले ते ओटोकार फाइस्टमान्टेल याने, १८७६ साली. अशा रीतीने मुलखाचे नाव दगडाला मिळाले.

दगडाचे नाव महाखंडाला मिळण्यास फार वर्षे लागली नाहीत. आपल्याकडील या थरांत जिभेच्या आकाराच्या एका पानाचे ठसे विपुल सापडतात. ‘ग्लॉसोप्टेरिस’ असे त्याचे शास्त्रीय नाव. ग्रीक भाषेत ‘ग्लोसा’ म्हणजे जीभ. हेच पान आफ्रिकेतही सापडे, ऑस्ट्रेलियातही सापडे. वनस्पती तर समुद्र ओलांडून चालत जात नाहीत. तेव्हा व्हिएन्नाचे प्राध्यापक एडुआर्ड झ्यूस यांनी १८८५ साली असे प्रतिपादिले की, यांपैकी काही देश एके काळी एका अखंड भूमीचे भाग होते. त्या भूमीला त्यांनी नाव दिले ‘गोंडवाना-लँड’. मधली जमीन समुद्रात बुडाली, असा त्यांचा समज होता. ती बुडाली नसून खंडेच एकमेकांपासून दूर सरकली, हे आल्फ्रेड वेगनर यांनी १९१२ पासून मांडावयास आरंभ केला आणि त्याबद्दल पुष्कळ उपहासही सोसला. त्याच १९१२ साली दक्षिण ध्रुवावरून परतताना बर्फात प्राणास मुकलेल्या कॅप्टन स्कॉटच्या तंबूजवळ पंधरा-सोळा किलो दगड मिळाले. मरणाच्या दारातही त्या माणसांनी ते ओझे टाकले नव्हते, आणि त्या दगडांत हेच जिभेच्या आकाराचे पान होते.

येथवर नात कंटाळली होती. मी तिला कागदावर लिहून दाखविले: गोंड, अधिक वन, अधिक लँड. म्हणजे गोंडांच्या वनाची भूमी. ‘वाना’ हे ‘वन’ न मानता राजपुताना या शब्दातल्याप्रमाणे देशवाचक प्रत्यय मानला, तर प्रकरण अधिकच बिघडते. मग ते होते गोंडांच्या देशाचा देश! ही शुद्ध पुनरुक्ती होय. आपण ‘सह्याद्री पर्वत’ म्हणतो तसेच हे. ‘अद्रि’ म्हणजेच पर्वत, पण पर्वत जोडल्याखेरीज आपल्या मनाचे समाधान होत नाही. म्हणून अलीकडे भूशास्त्रात नुसते ‘गोंडवाना’ हेच रूप अधिक चालते.

न्यायासाठी विरुद्ध पक्षाचेही म्हणणे सांगितले पाहिजे. आपल्या देशातील भूशास्त्रज्ञांपुढे ‘गोंडवाना’ म्हटले की प्रथम दगड उभे राहतात: तळाशी हिमनद्यांनी आणून टाकलेल्या गोट्यांचे तालचेर थर, त्यांवर कोळशाचे बराकर थर, आणि त्यांच्याही वर आमच्या दारचे कामठी थर. भारतातील जवळजवळ सर्व दगडी कोळसा या गोंडवाना खडकांतला. कोळसा खात्यातील अधिकाऱ्याच्या तोंडी ‘गोंडवाना’ म्हणजे कोळसा, दुसरे काही नाही. तेव्हा खडक तो गोंडवाना आणि महाखंड ते गोंडवानालँड, असा भेद ठेवावा, असे काही जाणते म्हणतात. मला हा युक्तिवाद लंगडा वाटत नाही. परंतु मुलीला उत्तर एकच हवे होते, दोन नव्हेत.

आणि हे सर्व दूरदेशीचे आहे असेही नव्हे. आमच्या गच्चीवरून उत्तरेकडे पाहिले की कोराडीच्या वीजकेंद्राच्या चिमण्या दिसतात. त्यांच्या भट्ट्यांत जळतो तो याच थरांतील कोळसा. कामठी रस्त्याने थोडे पुढे गेले की ते गाव लागते, ज्याचे नाव सुमारे पंचवीस कोटी वर्षांपूर्वीच्या वालुकाश्माला दिलेले आहे. उन्हाळ्यात जेथे पायाला चटके बसतात त्या आमच्या विदर्भात एके काळी हिमनद्या वाहत होत्या, हे सांगून कोणास खरे वाटत नाही. पण चंद्रपूर जिल्ह्यात इरई गावाजवळ बर्फाने घासून ओरखडलेला खडक आहे, आणि तो दीडशे वर्षांपासून अभ्यासकांना माहीत आहे.

हे सर्व ऐकून घेऊन दादांनी आपली काठी एका गुडघ्यावरून दुसऱ्या गुडघ्यावर ठेवली आणि विचारले, “वह तो ठीक है, प्रोफेसरसाहेब. पण हे गोंड राहतात कुठे?”

दादा १९४७ साली चार वर्षांचे होते. सक्करजवळच्या आपल्या गावातले त्यांना एक विहिरीचे तोंड आणि एक निळा दरवाजा एवढेच आठवते. तरी कोणी ‘आपण कोठले?’ असे विचारले, तर ते नागपूर म्हणत नाहीत, सक्कर म्हणतात. त्यांचा मुलूख मागे राहिला आणि नाव तेवढे बरोबर आले. अशा माणसाला गोंडवाना हा शब्द ऐकून पहिला प्रश्न सुचला तो माणसांचा. मी मात्र पाऊण तास दगड, पाने, खंडे आणि प्रत्यय यांविषयी बोललो होतो.

मी सांगितले की, गडचिरोली, चंद्रपूर, छिंदवाडा, मंडला, बस्तर या भागांत गोंडांची वस्ती आहे. नागपुरातही आहे, किंबहुना हे नागपूरच गोंडांचे. देवगडच्या बख्त बुलंद शहाने ते १७०२ च्या सुमारास वसविले आणि त्याच्या पुत्राने, चांद सुलतानाने, येथे राजधानी आणली. महालात गोंड राजाच्या किल्ल्याचे अवशेष आजही आहेत. गोंड राजाच्या नगरात, मराठ्यांच्या निशाणाचे नाव धारण करणाऱ्या वस्तीत, सिंधमधून आलेले माझे शेजारी माझ्यासमोर बसले होते. दादा म्हणाले, “अच्छा!” आणि गप्प झाले. मीही गप्प झालो, पण माझे कारण निराळे होते.

वीस वर्षांपूर्वीची गोष्ट. बी. ए. च्या वर्गात शब्दांची घटना शिकवीत असता मी हेच समीकरण फळ्यावर लिहिले होते आणि ‘लँड’ हा भाग मोठ्या ऐटीने खडूने खोडला होता. मग मी वर्गास विचारले, “गोंडवाना म्हणजे काय, कोणी सांगेल?” मागच्या बाकावरून एक मुलगा ओरडला, “सर, ह्याला विचारा, हा गोंडच आहे!” आणि त्याने आपल्या शेजाऱ्याकडे बोट दाखविले. वर्ग हसला. वर्ग हसतो, त्यास इलाज नाही. पण त्या वेळी मीही हसलो. अगदी थोडे, वर्ग खेळीमेळीत राहावा म्हणून अध्यापक हसतात तितकेच. तरी हसलो.

तो मुलगा उभा राहिला. तो गडचिरोलीकडचा होता. “सर,” तो म्हणाला, “गोंड हे आम्हांला इतरांनी दिलेले नाव आहे. घरी आम्ही स्वतःला कोइतूर म्हणतो.” एवढे बोलून तो खाली बसला. वास्तविक त्या तासातील सर्वांत मोलाची माहिती तीच होती. एका महाखंडाचे नाव ज्यांच्यावरून पडले, ते लोक ते नाव आपले मानीतच नाहीत. शब्दांच्या अध्यापकाने येथे खडू खाली ठेवून ऐकावयास हवे होते. मी “छान, छान” असे काहीसे म्हणालो, घड्याळाकडे पाहिले आणि पुढच्या शब्दाकडे वळलो. त्या वर्षी तो माझ्या वर्गात पुन्हा बोलला नाही, आणि वर्ष संपल्यावर मला कधी भेटलाही नाही.

माझ्या त्या हसण्याचे मूळ कोठे असावे, याचा मी पुढे पुष्कळ विचार केला. आमच्या घरी लहानपणी मी केस न विंचरता जेवावयास बसलो की आजी म्हणे, “गोंड कुठला!” तिच्या मनात द्वेष नव्हता, तिने आयुष्यात एखाद्या गोंडाशी चार वाक्ये बोलली असतील की नाही याचीच शंका आहे. पण घरोघरी मुलांनी शब्द शिकावयाचे ते असेच. जो शब्द पुढे कॉलेजात मी केवढ्या तरी आदराने भूशास्त्राच्या पुस्तकात वाचला, तोच आमच्या पाटावर शिवी म्हणून वाढला जात होता, आणि दोन्ही शब्द एकच आहेत हे मला त्या मुलाच्या उभे राहण्यापर्यंत जाणवले नव्हते.

सगळेच असे बेसावध नव्हते. नागपुरात ज्यांच्या नावाचे महाविद्यालय आहे ते मिशनरी स्टीफन हिस्लॉप रिकाम्या वेळी हातोडी घेऊन आसपासचे खडक फोडीत हिंडत. त्यांनी जमविलेल्या वनस्पतींच्या ठशांवर चार्ल्स बनबरी यांनी १८६१ साली लंडनमध्ये निबंध प्रसिद्ध केला. ग्लॉसोप्टेरिसची पाने त्यांत होती. पण हेच हिस्लॉप गोंडांची भाषाही टिपीत होते, आणि त्यांच्या लिंगो या पुराणपुरुषाची लांबलचक गाथा त्यांनी एका परधानाच्या तोंडून उतरवून घेतली. १८६३ च्या सप्टेंबरात टाकळघाटजवळची पुरातन शिळावर्तुळे पाहून रात्री परतताना ते पुराच्या पाण्यात बुडाले. त्यांचे गोंडांविषयीचे कागद रिचर्ड टेंपल यांनी १८६६ साली छापविले. धर्मप्रसारासाठी आलेल्या त्या माणसाच्या हेतूंविषयी कोणी काहीही म्हणो. दगडातले पान आणि माणसाचे गाणे ही दोन्ही त्याच्या एकाच पिशवीत होती. त्याच्या मृत्यूनंतर नऊ वर्षांनी मेडलिकॉटने जे नाव ठेवले, त्यात पान तेवढे पुढे गेले.

आज गोंडवाना नाव सर्वत्र आढळते. नागपूरवरून दिल्लीकडे धावणारी गोंडवाना एक्सप्रेस आहे, २०११ पासून गडचिरोलीस गोंडवाना विद्यापीठ आहे. विद्यापीठाचे नाव ऐकले की मला तो मुलगा आठवतो. तो आता चाळिशीच्या घरात असेल. कदाचित तेथेच कोठे शिकवीतही असेल, आणि फळ्यावर हाच शब्द लिहून मुलांना काही वेगळे सांगत असेल.

हे सर्व मी दादांना सांगितले नाही. वर्गात हसलो ते मात्र सांगितले, कसे ते कळत नाही. दादांनी त्यावर काही मत दिले नाही. नात कागदाकडे पाहत होती.

“मग लिहू काय, अंकल? गोंडवाना?”

“गोंडवाना लिही,” मी म्हणालो. “पण दुसरे लिहिले तरी ते चूक नव्हे.”

तिने पेन्सिलीने पुस्तकात खूण केली, पुस्तके उचलली आणि दाराशी जाऊन थांबली. “आमच्या वर्गात एक मुलगी आहे. मडावी आडनाव आहे तिचे. ती गोंड आहे काय?”

“असेलही. तिलाच विचार,” मी म्हणालो, आणि ती उंबरठा ओलांडीत असता तिला हाक मारून पुन्हा सांगितले, “आणि हे बघ, वर्गात सर्वांसमोर विचारू नकोस. ते स्वतःला काय म्हणतात, तेही विचार.”