लांब मार!

दिवाळी अंकाच्या संपादकांचा फोन आला तेव्हा मी मैदानाच्या कडेला गोलची जाळी गुंडाळत होतो. "वसईच्या फुटबॉलवर लिहा सर, प्रेरणादायी असं काहीतरी." मी म्हटलं, आमचा कॉलेजचा संघ यंदा नऊ सामने खेळला. आठ हरला, एक बरोबरीत सुटला, तोही समोरच्यांची पेनल्टी खांबाला लागली म्हणून. ते क्षणभर गप्प झाले. मग म्हणाले, "तेच लिहा." कॉलेजचं नाव मात्र लिहीत नाही, मुलांना अजून नोकऱ्यांचे अर्ज करायचे आहेत.

मी सकाळी संख्याशास्त्र शिकवतो आणि संध्याकाळी फुटबॉल. आपल्याला सगळं कळतं अशी लोकांची खात्री असते ती फक्त दुसऱ्या विषयात. रमेदीपासून सांडोरपर्यंत मैदानाच्या प्रत्येक कुंपणावर एक प्रशिक्षक बसलेला असतो आणि त्याची सूचना एकच: "लांब मार रे!" चौथ्या पराभवानंतर "कोच बदला" हीही सुरू झाली. 2024 मध्ये भारताच्या पुरुष संघाने वर्षभरात एकही सामना जिंकला नाही. 1962 साली जाकार्तात आशियाई सुवर्ण जिंकणारा देश हाच. वर्षाच्या मध्यावर प्रशिक्षक बदलला, तरी त्या वर्षी विजय आला नाही तो नाहीच. पण हे कुंपणावर कोण ऐकतो?

हरण्याची कारणं साधी होती. तीन चांगले खेळाडू पदवी घेऊन गेले. स्ट्रायकर कामाला लागला, तो विरार फास्टमधून उतरेपर्यंत अंधार पडलेला. मैदान आमचं नाही. याहून जास्त त्यात काही नाही.

मला बोलायचंय ते 'लांब मार'बद्दल. थोडं तांत्रिक आहे. कंटाळा आला तर दोन परिच्छेद सोडा. चार्ल्स रीप हा ब्रिटनच्या हवाई दलातला हिशेबाचा माणूस. 18 मार्च 1950 रोजी स्विंडनच्या मैदानावर त्याने वही काढली आणि प्रत्येक चालीतले पास मोजू लागला. 1968 मध्ये बर्नार्ड बेंजामिन या संख्याशास्त्रज्ञाबरोबर त्याने निबंध छापला. सुमारे 80 टक्के गोल तीन किंवा त्याहून कमी पासांच्या चालीतून होतात, असं त्याच्या मोजणीत निघालं. झालं! पास जुळवत कशाला बसायचं, चेंडू पुढे भिरकावा, असं शास्त्र त्यावर उभं राहिलं.

पण त्याच मोजणीत दुसरा आकडा आहे. मुळात नव्वद टक्क्यांहून जास्त चालीच तीन पासांच्या आत संपतात. आगाशीच्या बाजारात शंभर राजेळी केळी आली, त्यातली नव्वद एका व्यापाऱ्याची. पण गोड निघालेल्या केळ्यांत त्याची फक्त ऐंशी टक्के. मग गोड केळं कोणाकडे घ्याल? उरलेल्या दहावाल्याकडेच, कारण त्याचं केळं गोड निघण्याची शक्यता सव्वादोन पट. म्हणजे रीपच्याच वहीवरून जास्त पासांच्या लांब चाली सरस ठरतात. हे मी वर्गात तेरा वर्षं शिकवतोय. मैदानावरही शिकवलं: जवळ पास द्या, मागून चाल बांधा.

त्यात 2019 साली नियम बदलला. त्याआधी गोलकिक पेनल्टी क्षेत्राबाहेर, म्हणजे गोलरेषेपासून साडेसोळा मीटर, गेल्याशिवाय कोणाला चेंडूला स्पर्श करता येत नसे. आता आपल्या बचावपटूने आतच तो पास घेतला तरी चालतो. टीव्हीवर एडरसन या गोलकीपरला पाहून आमच्या गोलकीपरनेही ते आत्मसात केलं. सेकंड इयरचा मुलगा, पाय चांगला, डोकं शांत.

विद्यापीठ स्पर्धेचा सामना, सकाळभर पाऊस पडलेला. शून्य-शून्य. शेवटची वीसेक मिनिटं उरली होती. गोलकिक. कुंपणावरून "लांब मार!" मी ओरडलो, "जवळच दे!" त्याने दिला. चेंडू चार हात गेला आणि पेनल्टी क्षेत्रातल्या डबक्यात थांबला, म्हैस बसावी तसा. समोरचा मुलगा आला, त्याने नुसता पाय लावला.

त्या रात्री मी वही पुन्हा उघडली. माझ्या केळ्याच्या हिशेबात एक भोक आहे आणि ते मी वर्गात कधी दाखवलेलं नाही. लांब चाली बांधतात कोण? बहुतेक वेळा चांगले संघ. मग गोल झाला तो पासांमुळे, की पास जुळवण्याइतके खेळाडू चांगले होते म्हणून? पहिल्या पावसात घोटाभर चिखल होणाऱ्या मैदानावर, तीन खेळाडू गमावलेल्या संघाला कोणता आकडा लागू होतो? मला ठरवता येत नाही. कुंपणावरचे काका त्या दिवशी बरोबर होते, हे लिहितानाही हात जड होतो.

सामन्यानंतर चारचौघांत मी एवढंच म्हणालो, "कीपरने घोटाळा केला." मुलाने ऐकलं. त्यानंतर तो सरावाला आलेला नाही, त्याचे ग्लोव्हज माझ्या कपाटात आहेत. त्याचे वडील वाडीतली फुलं घेऊन पहाटेच्या लोकलने दादरला जातात, त्यामुळे गाठ पडत नाही. दिवाळी अंक मात्र त्यांच्या घरी येतो. म्हणून इथे लिहितो: "जवळच दे" असं ओरडलो तो मी. त्याने सांगितलं तसंच केलं.