मानोय

तरुणपणी भाड्याच्या कॅसेटवर पाहिलेल्या ‘ब्लॅक मामा, व्हाइट मामा’ या सुमार मारधाडपटातील फिलिपिनो पोलीस कप्तानाचा ताठ कणा तेवढा माझ्या स्मरणात राहिला. त्या कण्याचे धनी एडी गार्सिया, ज्यांना त्यांचे देशबांधव आदराने ‘मानोय’, म्हणजे दादा, म्हणत, हे मला उमगले ते पुष्कळ वर्षांनी, केस पांढरे झाल्यावर, ‘ब्वाकाव’ (2012) पाहताना. सोर्सोगॉन प्रांतात 1929 साली जन्मलेला आणि महायुद्धानंतर ओकिनावात फौजी चाकरी केलेला हा शिपाईगडी 1949 साली चित्रसृष्टीत आला, आणि सांपागिता कंपनीने त्यांस खलनायकीच्या खात्यावर जमा करून टाकले. एवढ्यावर एखाद्याची कारकीर्द सुखेनैव संपली असती.

परंतु दिग्दर्शक लिनो ब्रोका यांच्या ‘तुबोग सा गिन्तो’त, जेव्हा असली भूमिका म्हणजे लौकिकाशी जुगारच होता, त्यांनी पुरुषांविषयीची आसक्ती कुटुंबापासून लपविणारा प्रतिष्ठित गृहस्थ साकारला, आणि चार दशकांनी ‘ब्वाकाव’मध्ये तेच गुपित म्हातारपणी उघडे केलेला, शवपेटीचे पैसे आगाऊ भरून ठेवलेला, मृत्युपत्रात वारंवार फेरफार करणारा खवचट रेने. त्याची कुत्री आजारी पडते, तेव्हा या माणसाचा तिरसटपणा जराही न सोडता गार्सिया त्याची माया दाखवितात. अश्रूंचा हुकमी पुरवठा करणाऱ्या नटांना हे साधत नाही. (आशियाई चित्रपट पुरस्कारांत त्यांस उत्कृष्ट नटाचा मान मिळाला, तो मला अगदी रास्त वाटतो.) पुढे ‘एमएल’ (2018) मध्ये स्मृतिभ्रंशाने हुकूमशहा मार्कोसच्या लष्करी अमलातच अडकून पडलेला, घरी आलेल्या विद्यार्थ्याचा छळ करणारा निवृत्त कर्नल पाहिला, तेव्हा तो जुना कप्तान मला आठवला, ताठा तोच होता, पण आता त्यामागे, निव्वळ कर्तव्य बजावीत असल्याची, अंगावर काटा आणणारी निरागस खात्री होती.

वेळेआधी हजर होण्याचा शिरस्ता नव्वदीतही न मोडणारे हे गृहस्थ जून 2019 मध्ये मनिलाच्या तोंदो भागात चित्रीकरण करताना तारेला अडखळून पडले. मानेचे हाड मोडले, आणि काही दिवसांत ते गेले. चित्रीकरणस्थळी कामाचे तास आणि सुरक्षिततेचे नियम बांधून देणारा जो कायदा 2024 साली तेथे झाला, त्यास लोक त्यांच्याच नावाने ओळखतात. आठ तासांचा रोज, आणि कितीही निकड असली तरी चौदांवर नाही.