एकलहऱ्याच्या चिमण्या आणि जर्मन सूनबाई

नाशिकचा वीकएण्ड म्हणजे फक्त वाइन आणि पंचवटी? छे! नाशिकरोडला उतरा, रिक्षा पकडा आणि एकलहऱ्याला या. औष्णिक वीज केंद्राच्या उंच चिमण्या दुरूनच बोलावतात. केंद्र १९७० पासूनचं. नंतरचे तीन संच प्रत्येकी २१० मेगावॅटचे. मला भावते ती कॉलनी. कुठूनकुठून बदली होऊन आलेली माणसं, पण वर्ष-दोन वर्षांत सगळे 'आपले'.

इथे फिरताना मला सुझान बर्नर्ट आठवली. जर्मनीतल्या डेटमोल्डची ही अभिनेत्री मुंबईत आली, हिंदी मालिका-सिनेमांत रमली, चक्क लावणी शिकली! लग्नही केलं ते 'थ्री इडियट्स'मधल्या लायब्ररियनशी, म्हणजे अखिल मिश्रांशी. पण गाजलेले रोल कुठले? २०१५ मध्ये सुरू झालेल्या 'चक्रवर्तिन अशोक सम्राट'मधली ग्रीक हेलेना आणि २०१९ च्या 'द ॲक्सिडेंटल प्राइम मिनिस्टर'मधल्या सोनिया गांधी. दोन्ही परदेशी सुनाच! लावणी येते हो, पण गावच्या पाटलीणबाईंचा रोल कोण देणार?

कॉलनी माणूस बघते, कॅमेरा आधी चेहरा. सोमवारी ऑफिसात नवा कुणी आला, तर आपण काय बघतो?